वारल्यानंतरची ड्यूटी

२ मार्च
नवी बिल्डिंग. ऑफिसं यायचीत, तोवर राजा मीच. सोबतीला चिटपाखरू नाही. सुपरवायझर साहेब म्हणाले, महिनाभर नीट सांभाळ, पर्मनंट करतो. आईला फोन करून सांगितलं, झालोच पर्मनंट. तिने गल्लीभर केलं. ठरवलं: एकटेपणाला भीक घालायची नाही.

५ मार्च
पुढचं काचेचं दार माणूस बघून आपोआप उघडतं म्हणे. मला बघून नाही उघडलं. बेसिनचा नळ तसलाच. हात धरले, हलवले, शेवटी जोडले. टिपूस नाही.

८ मार्च
जिन्यातले दिवे माणूस आला की लागतात. मी आलो. अंधार. नाचलो. तरी अंधार. घाबरलो नाही. फक्त पळालो.

९ मार्च
ताईला फोन लावला. हॅलो, कोण, कोण, करत राहिली. मी बेंबीच्या देठापासून ओरडतोय, अगं मी! कुणीच नाही गं, असं आईला म्हणाली आणि ठेवला. जेवण गेलं नाही. बिस्किटं गेली.

१० मार्च
विचार केला. दार नाही, पाणी नाही, दिवा नाही, सख्खी बहीण नाही. मी वारलेलो दिसतोय. चार तारखेला शिडीवरून पडलो, तेव्हाच गेलो असणार. रडलो. मग लक्षात आलं, आता लादी पुसायला नको.

११ मार्च, दुपार
साहेब आले. कानात इयरफोन, समोर लॅपटॉप. माझ्याकडे ढुंकून बघितलं नाही. खात्रीच पटली. मग मनातलं सगळं काढलं. टकल्या म्हणालो. त्यांच्या मागे जाऊन, पोट पुढे काढून त्यांची चाल चालून दाखवली. त्यांचा चहा प्यायलो. भुताला साखर कमी लागते. साहेब घामाघूम. माझ्या असण्याचा गारवा त्यांना सोसला नसावा.

१२ मार्च
इलेक्ट्रिशियन दादा आला. मला बघून म्हणाला, काय रे, आंघोळ कधी केलीस? आनंदाने मिठीच मारली. मग काल साहेबांना टकल्या म्हणालो ते आठवलं. दादाने नळाच्या, दाराच्या, दिव्यांच्या सेन्सरवरचं प्लॅस्टिक सोललं. सगळं चालू. म्हणाला, गाढवा, हे सोलायचं काम पहिल्याच दिवशी तुला दिलं होतं ना? मी म्हणालो, वस्तू नवी राहावी म्हणून ठेवलं. फोनच्या माइकच्या भोकातून त्याने बिस्किटाचा चुराही काढला.

१३ मार्च
आज कळलं, परवा साहेबांची मोठ्या साहेबांशी व्हिडिओ मीटिंग होती. मोठ्यांनी विचारलं, मागे नाचतोय तो कोण? आमचे म्हणाले, मागे कुणीच नाही सर. ते खरं करायला आज मला काढून टाकलं.
उद्याच्या गाडीने परत. आईला सांगितलं, सुट्टी मंजूर झाली. ती म्हणाली, पर्मनंट माणसाला मिळतेच.
तिकिटावर माझं नाव आहे. आडनावासकट. जिवंत असल्याचं लेखी मिळालं, हे काय कमी आहे.