टाचेवरून पटलेली ओळख

शनिवार, १५ मार्च २०२५, संध्याकाळी ६.४०, पार्सिपनी. देवधरकाकांकडून आत्ताच आलो. अजून बूटही काढले नाहीत.

फ्लॅमेंको नाचता नाचता सिनेमात आलेल्या त्या स्पॅनिश नटीच्या चित्रपटांची माझी यादी आज काका-काकूंना दाखवली. यादीतल्या पहिल्या चित्रपटात तिचे नुसते नाचणारे पाय. चेहरा नाही, नावही नाही. काका म्हणाले, "अरे, पाय कुणाचेही असतील. प्रूफ काय?"

तिच्या डाव्या टाचेची एक लकब माझ्या लक्षात आली होती, पण माझा भासच असला तर? कॉलेज अर्धवट सोडलेल्याचं कोण ऐकणार? पायांचा तो तुकडा पुन्हा लावला. काका तबला वाजवतात. सवयीनं बोटांच्या पेरांवर मात्रा मोजू लागले. "बारा मात्रा. आणि दहावीला डावी टाच किंचित उशिरा!"

मग तिचा उतारवयातला चित्रपट लावला. इथे नाचताना चेहरा स्वच्छ दिसतो. दहावी मात्रा आली, आणि डावी टाच पुन्हा तेवढीच उशिरा!

"अगं, तीच आहे ही!" काका काकूंकडे वळून जवळजवळ ओरडलेच. मग मला म्हणाले, "आपल्या मराठी मंडळात बोलशील यावर?"

एरवी किती लोक येतील हे मी तीनदा विचारलं असतं. आज सरळ हो म्हणालो.