फार गुणी मूल

१९ नोव्हेंबर

प्रिय मावशी,

नमस्कार. उत्तराला उशीर झाला, कान पकडते. तुझं पत्र आलं त्या दिवशीच वाचलं, पर्समध्ये ठेवलं, आणि तेव्हापासून ते माझ्याबरोबर कामावर जातंय-येतंय. आज सुट्टी आहे, टेबलावरचा पसारा बाजूला सारून बसलेय. वेलांट्या चुकल्या तर तांबड्या शाईने दुरुस्त करशीलच. जन्मभर छापखान्यात मुद्रितं तपासलीस, ती खोड आता कुठे जायला.

इकडे सगळं ठीक. ह्यांची पाठ बरी आहे, तक्रार मात्र जोमात चालू आहे. माझा डोळाही छान झाला, तुझं मुंगीएवढं अक्षर आता चष्म्याशिवाय लागतं.

तू नेहमी विचारतेस ना, "काय गं, दिवसभर पोरांशी खेळायचा पगार देतात तुला?" तर आज त्या खेळातलीच एक हकिगत सांगते. खरं नाव सांगायचं नसतं. मनातल्या मनात मी तिला झाकणी म्हणते.

झाकणी माझ्याकडे आली तेव्हा चार वर्षांची होती. बोलत नव्हती, कुणाच्या डोळ्याला डोळा भिडवत नव्हती. खेळण्यातल्या भांड्यांची तेवढी झाकणं घ्यायची आणि दिसेल त्यावर दाबून बसवायची. कपावर, बाहुलीच्या चेहऱ्यावर, एकदा माझ्या तोंडावरसुद्धा. उचलून घेतलं की लाकडासारखी ताठ व्हायची. मनाविरुद्ध झालं की भिंतीवर डोकं आपटायची. टेंगूळ यायचं, पण डोळ्यांत पाण्याचा टिपूस नाही.

ती वेळेआधीच जन्मली आणि सुरुवातीचे कितीतरी दिवस दवाखान्यात काचेच्या पेटीत राहिली. घरी आली तर आई आजारी पडली, ती वर्षभर उठली नाही. मग बाळ या हातातून त्या हातात. आजी झाली, काकू झाली, सांभाळायला ठेवलेल्या बायका झाल्या. प्रत्येकीने जीव लावला आणि एकेक करत सगळ्या दिसेनाशा झाल्या. यात कुणाचा दोष नाही. पण बाळाला कारणं कळत नाहीत. ज्या अंगाचा वास ओळखीचा झाला ते अंग गेलं, एवढंच त्याला कळतं. असं वारंवार झालं की काही मुलं ओळख करून घेणंच सोडून देतात. न जाणो, हीही जायची.

आमच्या मुलांच्या मानसोपचारात यावर गोळी नाही, शिकवणीही नाही. खोली तीच, वेळ तीच, खेळण्यांचा डबा तोच आणि बाई तीच. मूल काय करतं ते बघायचं, त्याला काय म्हणायचं असेल त्याचा अदमास घ्यायचा आणि सोप्या शब्दांत त्याला सांगून बघायचं. तिने झाकण दाबलं की मी म्हणायचे, "घट्ट बंद. आता आतलं काही बाहेर येणार नाही." ती ढुंकूनही बघायची नाही. वर्ष असंच गेलं. कधीकधी वाटायचं, माझ्यापेक्षा त्या खोलीतल्या खुर्चीला जास्त भाव आहे.

मग माझ्या डोळ्याचं ऑपरेशन ठरलं. मी तिला आधीपासून सांगत होते, "मी थोडे दिवस येणार नाही. मग परत येईन." तिच्या कानात जातंय की नाही, देव जाणे. एके दिवशी मी कागद घ्यायला दाराजवळच्या कपाटाशी गेले, तर तिने मला दोन्ही हातांनी बाहेर ढकललं आणि दार लावून घेतलं. दाराला काच आहे, त्यातून ती दिसत होती. माझ्याकडे पाठ करून बसली होती.

मी बाहेरून म्हटलं, "तू मला बाहेर ठेवलंस. बाहेर ठेवल्यावर कसं वाटतं, ते मला कळायला हवं." आमच्या कामातलं अगदी बरोबर वाक्य. फरशी पुसणारे काका जाताजाता म्हणाले, "काय मॅडम, आज तुम्हाला शिक्षा?" मी हसले. हसता हसता भिंतीला धरून खाली बसले आणि रडले, मावशी. भर कामाच्या वेळी, एवढी घोडी.

आमच्या मोठ्या बाई आहेत, माझ्या गुरू. प्रत्येक मुलाबद्दल आठवड्याला त्यांच्यापाशी बोलायचं असतं. त्यांना सांगितलं. त्या म्हणाल्या, "जे तिला सोसवत नाही ते तिने तुझ्याकडे ठेवायला दिलंय. ठेवून घे. पण एक सांग, ते सगळं तिचंच होतं का?"

"थोडं माझंही असावं."

"मग ते तिच्या माथी मारू नकोस. ज्याच्याशी बोलायचं त्याच्याशी बोल."

म्हणून हे पत्र. पण आधी झाकणीचं पुरं करते.

मी परत आले तेव्हा तिने मला ओळख दिली नाही. दुसऱ्या दिवशी हाताला कडकडून चावली. आणि त्या दिवशी तिची आई न्यायला आली तेव्हा ही जमिनीवर बसली आणि रडली. नाक, तोंड, डोळे, सगळीकडून रडली. आईचा चेहरा पांढराफटक पडला.

"आधी निदान शांत तरी होती," ती म्हणाली. "काय केलंत तुम्ही तिला? मी नाही आणणार आता."

मी म्हटलं, "आधी तिच्याजवळ गमवायला कुणी नव्हतं. आता आहे, म्हणून रडतेय."

तिने लेकीचं नाक पुसलं. मग अगदी हळू म्हणाली, "माझ्यासाठी ती कधीच रडली नाही."

मी तिला एवढंच म्हटलं, की तुम्हीही खोलीत येऊन बसत जा. ती यायला लागली. कोपऱ्यात बसायची, आधी अंग चोरून, मग जरा सैलावून. परवा ती पाण्याची बाटली भरायला बाहेर गेली. झाकणीच्या हातातलं झाकण पडलं. तिने दाराकडे पाहिलं, ओठ थरथरले आणि असा टाहो फोडला की आई ओल्या हातांनी धावत आली. लेकीने तिच्या पोटात डोकं खुपसलं. ताठ नाही, काही नाही, नुसती मऊ. आई माझ्याकडे बघून विचारते, "हे माझ्यासाठी?" मी मान हलवली.

पोर अजून चारच शब्द बोलते. पल्ला लांबचा आहे.

आता माझं. आई सगळ्यांना कौतुकाने सांगायची, तुला आठवत असेल: "इस्पितळातून सुटले आणि बहिणीकडून हिला घेऊन आले. जन्मल्यापासून तिच्याकडेच, तीन वर्षांची झाली होती, पण फार गुणी मूल. एकदासुद्धा रडली नाही." लोक माझी पाठ थोपटायचे आणि मीही ते मिरवायचे. आज असं मूल कुणी माझ्याकडे आणलं तर मला त्या न रडण्याचीच काळजी वाटेल. आईला मी बोल लावत नाही. ती मरणाच्या दारातून माझ्यासाठी परत आली होती. ती असेपर्यंत हे तोंडातून काढवलं नाही.

आई मला घेऊन गेली, मग तू कितीतरी दिवस आली नाहीस. मूल रुळू दे, असं सगळ्यांनी मिळून ठरवलं होतं म्हणे. आणि आता तुझं हे पत्र: "पुढच्या महिन्यात वृद्धाश्रमात राहायला जातेय. सगळं ठरलंय. तू येऊ नकोस. निरोप-बिरोप नको, उगाच तुला त्रास."

तुझा निर्णय तुझा, मी आडवी येणार नाही. पण मावशी, परत एकदा तसंच नको गं. मी येणार. सामान मी बांधणार, तुझ्या नव्या खोलीत मीच लावणार. निघताना रडणार आणि तू मला गप्प करायचं नाहीस. आणि त्या तीन वर्षांचं सांग. मी कशी होते, कशी झोपायचे, काहीही. मला त्यातलं काही म्हणजे काही आठवत नाही, आणि जिला आठवेल अशी आता तू एकटीच आहेस.

आता तुझी, आणि सगळ्यांच्या आधी तुझीच,
ढमी


२७ नोव्हेंबर

ढमे,

आशीर्वाद तुला आणि तुझ्या नव्या डोळ्याला. जावईबापूंना म्हणावं, पाठीला शेक द्या आणि जिभेला विश्रांती.

तुझं पत्र वाचून दोन दिवस घरात नुसत्या येरझारा घालत होते. आता सांगते.

तू पालथी झोपायचीस, माझी बाही मुठीत धरून. बाही सोडवून घ्यायची सोय नव्हती, म्हणून मी तशीच एका हाताने मुद्रितं तपासायची. एकदा तू पाठ्यपुस्तकाचं अर्धं पान खाल्लंस. छापखान्यात जाऊन सांगितलं, मुलीने खाल्लं. भाचीने असं म्हटलं नाही, मुलीने म्हटलं. कुणी टोकलंही नाही.

तू मला आई म्हणायचीस. कुणी शिकवलं नव्हतं. मग ताई बरी होतेय असं पत्र आलं. मला आनंद झाला, खोटं नाही सांगत. ती आली की तिला तिची लेक अख्खी मिळाली पाहिजे, असं मनाशी धरलं आणि तुला 'मावशी' म्हणायला शिकवू लागले. ताईचा फोटो दाखवायची, "ही आई." तू फोटो पालथा घालायचीस. शेवटी मी 'आई' या हाकेला ओ द्यायचंच बंद केलं. तू स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून हाका मारायचीस, रडायचीस, आणि मी पाठमोरी भांडी घासत राहायची. घासलेलीच पुन्हा घासायची. एक दिवस 'मावशी' म्हणालीस. धावत येऊन उचललं तुला. त्यानंतर रडली नाहीस.

तेव्हा 'एकदासुद्धा रडली नाही' हे चूक आहे. ताईने पाहिलं नाही, एवढंच. तुझं सगळं रडणं माझ्याकडे झालं. मला ते तेव्हा बरोबरच वाटलं, ढमे. आजही दुसरं काय केलं असतं ते सुचत नाही.

निरोप नको म्हटलं ते तुला त्रास होईल म्हणून नव्हे. मलाच झेपलं नसतं. पण तू म्हणतेस तर झेपवू. आदल्या दिवशीच ये. कपडे थोडे आहेत, पुस्तकांनी मात्र तुझी कंबर मोडेल. रडायचं तेव्हा खुशाल रड, मीही वाहत्या गंगेत हात धुवून घेईन.

आता मावशी म्हणायची सवय मोडायचं तुझं वय नाही. पण आलीस की दारातून एकदा हवी ती हाक मार.

ओ देईन.

तुझी,
मावशी