हयातीचा अंगठा

१२ सप्टेंबर २०२५, चिखले

बँकेचं पत्र आलं. मयूरी वाचता वाचता मध्येच थांबली. आमच्या सूनबाईंचं तोंड बंद पडलं म्हणजे मामला मोठा!

ह्यांना जाऊन अडीच वर्षं झाली. शाळेतल्या शिपाईगिरीचं ह्यांचं पेन्शन मात्र परवापर्यंत खात्यात पडत होतं. चार लाख सहा हजार जास्त गेले म्हणे. ते वारसांनी भरायचे. वारस म्हणजे मी आणि आमचा प्रविण. खातं गोठवलंय.

मला वाटायचं, हे माझंच – विधवेचं पेन्शन. प्रविणने तसंच सांगितलं होतं. कार्ड त्याच्याकडे, मोबाइल त्याच्याकडे. माझ्याकडे चिकूची पाटी.

शाळेचं तोंड मी पाहिलं नाही. मी सांगते, मयूरी लिहिते. माझं अक्षर इतकं वळणदार असेल असं वाटलं नव्हतं!

१३ सप्टेंबर

प्रविण जेवला नाही. वालाचं बिरडं होतं, तरी.

१४ सप्टेंबर

पितृपक्षातली अष्टमी – ह्यांची तिथी. पान वाढलं. प्रविणने ते कौलांवर ठेवलं आणि मागे न बघता आत गेला. मला सारखं पत्रातलं आठवतंय. दर नोव्हेंबरात बँकेला दाखला गेलाय की हे हयात आहेत. भाद्रपदात पान वाढायचं, कार्तिकात जिवंत करायचं! हे असते तर पोट धरून हसले असते.

१६ सप्टेंबर

डहाणूला बँकेत गेलो. मी आणि प्रविण. साहेबीण मुलीच्या वयाची, पण बोलायला गोड. म्हणाली, आजी, वेळेवर कळवलं असतं तर यातले बरेचसे पैसे तुमच्या हक्काचेच होते. ते वळते करू, उरलेले हप्त्याने भरा. माझा जीव भांड्यात पडतोय तोवर तिने दोन कागद पुढे सरकवले. दोन नोव्हेंबरचे दोन हयातीचे दाखले. दोन्हीवर अंगठा. शेवटी शेवटी ह्यांचा हात थरथरायचा, सही जमायची नाही, म्हणून बँकेत अंगठाच चालायचा.

"माणूस गेल्यावर हा अंगठा कोणाचा? पैशांचं होईल काहीतरी. ह्याची पोलिसात तक्रार करावी लागेल."

प्रविण आपल्या चपलांकडे बघत होता. चव्वेचाळीस वर्षांचा बाप्या!

मी म्हटलं, "माझा."

सत्तरीच्या बाईला कोण आत टाकतंय, असा हिशेब. तिने लगेच शाईचा डबा उघडला, कोऱ्या कागदावर माझा अंगठा घेतला. म्हणाली, बाबांच्या सर्व्हिस बुकातही त्यांचा ठसा असेल. तोही मागवते, तिन्ही ताडून बघू.



१७ सप्टेंबर

राखेने घासला तरी अंगठ्याची शाई जात नाही. मयूरी म्हणाली, आई, पुरे, कातडं निघेल.

२१ सप्टेंबर

प्रविण वाडीत माझ्याजवळ येऊन बसला. चिकू निवडत होते. म्हणाला, तू अंगावर घेतलंस ते बरं झालं. मग हळूच, "आई, बाबांचं ते सर्व्हिस बुक नको सापडायला."

का, ते मी विचारलं नाही. पिकलेले चिकू कच्च्यांत टाकत बसले.

२४ सप्टेंबर

दारात गाडी थांबली की मी न्हाणीघरात जाते. आज कुरियरवाला होता. नातवाचे, देवेशचे बूट घेऊन आला होता. आजीला काय झालंय, देवेशने विचारलं. म्हटलं, पोट बिघडलंय.

३० सप्टेंबर

बँकेचा फोन. माझा अंगठा जुळला नाही. ह्यांचा जुळला.

दोन्ही कागदांवर ह्यांचाच. साहेबीण विचारते, गेलेला माणूस अंगठा द्यायला आला कसा? मयूरीला हसू आलं. भीतीने येतं तसं. परवा दसरा. नंतर पोलीस येतील, जबानी घेतील.

प्रविण सकाळपासून बोर्डीला गेलाय. फोन उचलत नाही.

१ ऑक्टोबर

मयूरी, आज मी सांगेन ते सगळं लिहायचं. हात थांबवायचा नाही.

ह्यांना शेवटची आंघोळ घातली तेव्हा हातांवर पाणी मी ओतलं. डाव्या अंगठ्यावर निळी शाई होती. हळद लावून घासली. गेली नाही. मूठ मिटवून टाकली, लोकांना दिसू नये म्हणून. त्याआधी ह्यांच्याजवळ प्रविण एकटा बसला होता, दार लावून. कोऱ्या कागदांवर अंगठे घेतलेत, हे मी तेव्हाच ओळखलं होतं. विधवेचं पेन्शन वाटायचं, हे तुला खोटं सांगितलं. अडीच वर्षं मुलाला सांभाळलं.

लिहिलंस? तुझा नवरा आहे, मला ठाऊक आहे. माझ्या पोटचा आहे.

खाली जागा सोड. आणि प्रविणच्या कपाटातला तो शाईचा डबा दे इकडे.