पंधराचा फ्यूज

१० नोव्हें., सोम.

डॉ.कडची वाशीमची फेरी बुडाली. सकाळपासून यांना उठवा, आंघोळ घाला, पांढरा सदरा चढवा, खांदा देऊन गाडीपर्यंत न्या, पाय उचलून आत ठेवा. एवढं सगळं झालं, घामाघूम होऊन स्टेअरिंगवर बसले, चावी फिरवली आणि गाडीने नन्नाचा पाढा लावला. घर्र घर्र घर्र, पुढे काही नाही. पुन्हा तेच.

हे शेजारी बसलेले. म्हणाले, "सोड आता. मले उतरव."

चेहऱ्यावर सुटल्याचा भाव. मला दिसला. लकवा पोळ्याच्या आधी झाला, उजवी बाजू गेली. डॉ. गेल्या खेपेलाच म्हणाले, पायात ताकद आलीय, काठी घेऊन चाला. हे चालत नाहीत. खाट ते न्हाणी, तीही माझ्या खांद्यावर. बोलता मात्र येतं, थोडं अडखळत.

पुन्हा खांदा देऊन खाटेवर आणलं. सदरा काढला, घडी घालून ठेवला. शिरपूर इथून लांब नाही, पण मळ्यातून सडकेपर्यंत जायलाच गाडी लागते. ती बंद म्हणजे मी बंद.

११ नोव्हें., मंगळ.

बॅटरी ठीक. दिवे लागतात, हॉर्न वाजतो. पेट्रोल आहे. भाऊजी (यांचा धाकटा, गजानन, मळ्याचं सगळं तोच पाहतो) येऊन बॉनेट उघडून उभा राहिला. बॉनेटमध्ये पाहत उभं राहणं हे आमच्याकडे दुरुस्तीतच धरतात. मग म्हणाला, "वयनी, जुनी झाली आता. इकून टाकू."

विकू म्हणे. दादाची गाडी आणि हा विकणार.

फाट्यावरच्या मेकॅनिकला फोन. "पाह्यतो ताई, दोन-चार दिवसांत येतो." त्याचे दोन-चार दिवस मला माहीत आहेत, गेल्या वर्षी दोन-चार दिवसांत दिवाळी येऊन गेली होती.

दुपारी यांना औषध देत होते. आपणहून बोलले. "चावी अर्धीच फिरव. स्टार्टर नको मारू. अन् कान दे."

"कायले?"

"मागच्या सीटखालून घूं असा आवाज येते का पाह्य."

गेले. अर्धी चावी. कान दिला. चिमण्या ऐकू आल्या, विहिरीवरची मोटर ऐकू आली, घूं नाही.

"नाही येत."

"मंग पंप नाही चालून राह्यला. पेट्रोल वरतं चढतच नाही. आधी फ्यूज पाह्य."

रोज "पाणी दे" आणि "पंखा बंद कर" याच्यापलीकडे हा माणूस बोलला नव्हता. आज इतकं बोलला.

१२ नोव्हें., बुध.

फ्यूजचा डबा स्टेअरिंगच्या खाली, अशा जागी की पाहायला उलटं लोंबकळावं लागतं. डोकं खाली, पाय दाराबाहेर, तोंडात टॉर्च. जाऊबाई मीरा सांबार, म्हणजे कोथिंबीर, तोडून येत होती, ती थांबली. "अव्व माय, जाऊबाई, पडल्या का काय?" टॉर्च तोंडात, उत्तर कसं देणार. हे खाटेवरून तिला म्हणाले, "मेकॅनिक हाय थे आता. पाणी आण तिच्यासाठी."

अंगणाच्या त्या टोकाला खाट, या टोकाला गाडी. तिथून ओरडून सूचना. उंटावरून शेळ्या हाकणं कशाला म्हणतात ते आज पाहिलं. "झाकण डावीकडून काढ. झाकणाच्या आतून चित्र हाय. पंपाचं चित्र पाह्य." पेट्रोल पंपाचं बारकं चित्र सापडलं. त्याच्यासमोर निळा फ्यूज, वर पंधरा लिहिलेलं. बोटांनी निघेना. काटे काढायचा चिमटा आणला, त्याने निघाला.

उजेडात धरला. आतली बारीक तार तुटलेली, प्लास्टिक काळं पडलेलं. खाटेपाशी नेऊन दाखवला. डाव्या हातात घेऊन डोळ्यांजवळ नेला, खूप वेळ पाहत होते.

"उडाला," म्हणाले. जसा कुणी आपलाच माणूस.

हॉर्नचा फ्यूजही पंधराचाच. तो काढून पंपाच्या जागी बसवला. अर्धी चावी. मागून घूंऽऽ. मग पूर्ण चावी आणि गाडी पहिल्या झटक्यात.

मी अंगणात ओरडलेच. हे हसले. एका बाजूनेच हसता येतं आता, पण हसले. पोळ्यापासून पहिल्यांदा.

मला वाटलं सुटले.

१३ नोव्हें., गुरु.

भाऊजीच्या मोटरसायकलवर मागे बसून शिरपूरला. बस स्टँडजवळच्या पार्टच्या दुकानातून निळे फ्यूज आणले, मूठभर आणले, एक-एक आणायची आता हौस नाही. हॉर्नचा हॉर्नला दिला, पंपाला नवीन. गाडी घेऊन सडकेच्या दिशेने निघाले. नाल्यावरच्या खड्ड्यात मागचं चाक आदळलं आणि गाडी खपकन बंद. घूं गायब. उतरून पाहिलं, नवाकोरा फ्यूज उडालेला.

तुरीच्या शेतातल्या दोन बाया ढकलू लागल्या. "ताई, बैल बरा," एक म्हणाली. गाडी अंगणात येईपर्यंत बैल बरा हे मलाही पटलं.

मेकॅनिकला फोन. "तीसचा टाका ना ताई. कटकटच नाही."

फोन स्पीकरवर, हे ऐकत होते. इतके चिडले की शब्द सापडेनात. मग सावकाश एकेक करून: "तीसचा. नाही. टाकाचा. फ्यूज जळते म्हणून वायर वाचते. मोठा टाकशील तं वायर जळन, अन् खालतं पेट्रोलची टाकी हाय. कोठंतरी वायर लागून राह्यली. थे शोध."

खरं म्हणजे मला मोठा टाकून मोकळं व्हायचं होतं. पण टाकीवर बसून मोकळं व्हायचं नव्हतं.

१५ नोव्हें., शनि.

सापडलं.

मागची सीट उपटली. उपटताच वास आला, कुजल्या सांबाराचा. खाली पालकाची पानं चिकटलेली, गाद्या ओल्या, आणि टाकीच्या झाकणाजवळ जिथे पंपाची वायर जोडली आहे तिथे हिरवा गंज. एका वायरचं कातडं घासून निघालेलं, उघडी तार पत्र्याला टेकत होती. खड्डा आला की टेकली, टेकली की फ्यूज उडाला.

हे भाऊजीचं काम. भाजी न्यायचा आटो बंद पडल्यापासून सांबार, पालक, मेथीच्या जुड्या मागच्या सीटवर टाकून बाजारला नेतो. वर ओलं बारदान. दर थोड्या वेळाने त्याच्यावर पाणी. ते पाणी सीटमधून झिरपून थेट वायरवर. किती दिवस चाललं होतं कोण जाणे.

बोलले त्याला. तो म्हणतो, "पाणी नाही मारलं तं सांबार मान टाकते वयनी. मान टाकलेला कोण घेते?"

"अन् गाडीनं मान टाकली त्याचं काय?"

"मले काय मालूम तिच्या पोटात वायर हाय म्हणून."

त्याचंही खरं आहे. मळा तोच पाहतो, आम्ही त्याच्या जिवावर आहोत. धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं. सीटखाली प्लास्टिक टाक एवढंच सांगितलं.

बॅटरीची तार आधी सोडायला लावली यांनी. मग गंज कानशीने घासला, वायरवर टेप गुंडाळली, पत्र्यापासून लांब बांधली. प्रत्येक गोष्ट यांना नेऊन दाखवायची, हे मान हलवणार, मग पुढे. दिवसभर अंगणात फेऱ्या. पायाचे तुकडे पडले. पण आज या घरात दोन माणसं होती. बरेच दिवस एक माणूस आणि एक काम असं होतं.

१७ नोव्हें., सोम.

गाडी चोख. नाल्यावरचा खड्डा मुद्दाम जोरात घेतला, काही झालं नाही.

डॉ.कडे चला म्हटलं. नाही म्हणाले. चालायचा सराव तरी? "पाय उचलत नाही, कितीदा सांगू."

भाऊजीला ताप, म्हणून जऊळक्याच्या बाजारात भाजी मीच टाकून आले. मीरा यांच्यापाशी थांबली. एकटी इतक्या लांब गाडी घेऊन कधी गेले नव्हते, दोन उन्हाळ्यांपूर्वी यांनीच पडीक शेतात शिकवली तेव्हाही हे शेजारी असायचे, ब्रेक ब्रेक ओरडत. आज कुणी ओरडलं नाही. काचा खाली, थंड वारा, दोन्ही बाजूला तूर फुललेली.

भाजी टाकली आणि लगेच निघाले नाही. तिथल्या रेल्वे स्टेशनवर जाऊन बाकावर बसले. चहा घेतला. एक गाडी आली, गेली. दुसरीची वाट पाहिली, काही कारण नसताना. परत जावंसं वाटत नव्हतं. पुन्हा लिहिते, परत जावंसं वाटत नव्हतं.

घरी आले तर, "कोठी होती येवढा येळ?"

"भाजी टाकली."

"भाजी टाकाले येवढा येळ?"

स्टेशनचं सांगितलं नाही. जेवताना माझ्याकडे पाहत होते.

२० नोव्हें., गुरु.

स्वातीचा फोन. रविवारी अकोल्याला तिचं डोहाळजेवण, सासरी. पोरगी म्हणते, "आई, तू नसली तं ओटी कोण भरन माही?" पहिलं बाळंतपण माहेरी व्हायला हवं, तेही यांच्या आजारपणामुळे तिकडेच ठरलं. निदान ओटी तरी मी भरावी. बसने गेलं तर मुक्काम पडतो. गाडीने सकाळी निघून दिवस मावळायच्या आत परत.

यांना म्हटलं, तुम्हीही चला. पुढच्या सीटवर बसायचं, तिथे उतरलं की खुर्चीवर.

"व्याह्यासमोर बायकोच्या खांद्यावर लोंबकळत जाऊ? तमाशा नाही कराचा मले."

"काठी घेऊन चला मंग."

त्यांनी डाव्या पायाने काठी खाटेखाली सारली.

"मंग मी जाते. मीरा थांबन."

"जा ना. कोणं धरलं तुले?"

कुणी धरलं नाही, तेच तर. धरलं असतं तर हात सोडवून घेता आला असता. रात्री जेवले नाहीत. पोट भरलंय म्हणे.

२२ नोव्हें., शनि.

हिरवी साडी, हिरव्या बांगड्या, ओटीचं सामान पिशवीत. तुरीच्या शेंगा उकडून घेणार आहे, तिला आवडतात. दुपारी गाडी चालू करून पाहिली. घूं आहे.

हे आज गोड बोलतायत. "टायरची हवा पाह्यली का?" "पातूरच्या घाटात दुसरा गेर ठेवजो." मला बरं वाटलं. संध्याकाळी अंगणात धूळ बसावी म्हणून पाणी मारलं आणि शेंगा तोडायला मागच्या वावरात गेले. परत आले तेव्हा भिंतीकडे तोंड करून निजले होते. दमलेले दिसत होते. काही केलं नाही तर दमले कशाने, असं मनात येऊन गेलं.

२३ नोव्हें., रवि. सकाळ

गाडीतच बसून लिहितेय.

मीरा वेळेवर आली. साडी नेसून, पिशवी ठेवून अर्धी चावी फिरवली. घूं नाही. पूर्ण फिरवली. घर्र घर्र. पुन्हा वायर? नवी साडी खोचून उलटी लोंबकळले, झाकण काढलं.

फ्यूज उडालेला नव्हता. फ्यूज नव्हताच. पंपाची जागा रिकामी. बाकी सगळे आपापल्या जागी, आणि झाकण नीट डावीकडून बसवलेलं.

आधी भाऊजी वाटला. मग उतरताना खाली पाहिलं. काल पाणी मारलेली माती वाळून घट्ट झालीय. तिच्यावर काठीचं भोक, डाव्या पायाचा ठसा, आणि उजव्या पायाची फरफटलेली रेघ. पुन्हा भोक, ठसा, रेघ. खाटेपासून गाडीपर्यंत, आणि गाडीपासून परत खाटेपर्यंत. मध्ये कुठे पडल्याची खूण नाही. कुणाचा खांदा नाही.

ज्या पायाने डॉ.कडे जाववत नाही, लेकीकडे जाववत नाही, त्या पायाने.

राग डोक्यात गेला. आणि त्याच वेळी, कशी आहे मी, आनंद झाला. चालले! इतकं अंगण चालले, वाकले, माझ्या बोटांनी निघत नव्हता तो बारका फ्यूज एका हाताने उपटला. महिनाभर डॉ. सांगतोय ते मला अडवायला केलं. माझ्यासाठी नाही केलं, मला अडवायला केलं. यातलं काय आधी सोसू कळेना.

आणलेल्यातला एक फ्यूज काढून बसवला. घूं. गाडी चालू.

मग खाटेपाशी गेले. भिंतीकडेच तोंड. फ्यूज मागितला नाही. म्हटलं, "मातीवर तुमचे पाय उमटले हायेत."

मग भिंतीलाच म्हणाले, "तू त्या दिवशी जऊळक्याहून लवकर आली नाही."

"आली तं होती."

"येकादिवशी नाही येशीन."

नाही येणार, असं मी म्हणाले नाही. येईनच, असंही म्हणवलं नाही. एवढंच म्हटलं, "काल गाडीपर्यंत आले, तसेच आज या. खांदा देणार नाही. माह्याच्यानं होते तेवढी वाट पाह्यते, मंग मी जाते."

मीरा ओट्यावर उभी आहे, काय चाललंय तिला कळत नाहीये. डावीकडचं दार उघडून ठेवलंय. आरशातून खाट दिसते. हे उठून बसलेत. पाय खाली सोडलेत. काठी हातात आहे, पण टेकवलेली नाही.

पेट्रोल जळतंय. बंद करत नाही.