बिनबोटाची कणीक

८ जानेवारी, बुधवार

उशीर झाला, माफ कर. दिवाळीपासून तुला हात लावला नाही. आधी चष्म्याची काडी तुटली, मग थंडी पडली, मग लिहिण्यासारखं काही घडलंच नाही. आता घडलं आहे आणि घरात माझं कुणी ऐकून घेईना. म्हणून वही उघडली.

सून राजेश्रीला शाळेच्या स्नेहसंमेलनाची ऑर्डर मिळाली. शंभर टाको पफ! हेडमास्तरांचं म्हणणं, दरवर्षी पाहुण्यांना चिवडा देतो, यंदा काहीतरी जागतिक पाहिजे. आमच्या बोरी गावात जागतिक कुठून आणायचं? पण नात अपेक्षानं मोबाइलवर बघून ठेवलंच होतं.

मी विचारलं, टाको म्हणजे काय गं?

"आबा, मेक्सिकोची भाकर असती मक्याची. तिच्यात सारण भरून, दुमडून खायची."

म्हणजे आम्ही रानात भाकरीत पिठलं घालून, गुंडाळून खातो तेच. आम्ही त्याला नाव दिलं नाही, एवढीच चूक. आणि आता ते भाकरीतलं सारण काढून मैद्यात भरणार, त्याला पफ म्हणणार. मेक्सिकोवाल्यांना विचारलं का? नाही.

राजेश्री म्हणाली, "मामा, ही ऑर्डर नीट गेली तर वाढदिवसाला, साखरपुड्याला लोक मलाच सांगतील. बिघडली तर हाय आपलं खुरपं." हे बोलताना ती हसत नव्हती.

९ जानेवारी

झोप नाही. कणीक विकतची आहे! तयार! परभणीहून बर्फातून येणार. कुणी मळली, हात धुतले होते का, कुणास ठाऊक. राजेश्री म्हणते, मशीन मळतं. मशीनचे हात कोण धुतं?

११ जानेवारी, शनिवार

नमुन्याचं एक पाकीट आलं. मी चष्मा लावून सगळं वाचलं. इंग्रजी येत नाही, पण आकडे येतात. सातवीपर्यंत गेलो आहे. मळल्याची तारीख ऑगस्टची!

ऑगस्टमध्ये मळलेली कणीक जानेवारीत घरात. माझी बायको पार्वती असती तर पाकिटासकट उकिरड्यावर गेली असती. तिचा नियम होता, मळलेली कणीक रात्रभर घरात ठेवायची नाही. उरला गोळा गाईला. अगदीच ठेवायची वेळ आली तर त्यावर तीन बोटं दाबायची. म्हणायची, "बिनबोटाचा गोळा पिंडासारखा दिसतो. गेलेली माणसं वास काढत येतात."

ही तर पाच महिन्यांची, आणि एक बोट नाही. गुळगुळीत!

राजेश्रीला सांगितलं. ती म्हणाली, "मामा, ती कणीक न्हाई, शीट हाय."

मुलगा परमेश्वर जेवत होता. त्यानं मान वर केली नाही. त्याचं नाव परमेश्वर ठेवलं तेव्हाच हे कळायला पाहिजे होतं. हाक मारा, ऐकतो, करत काही नाही.

दुपारी तिनं नमुना केला. राजमा, मका, कांदा, ढोबळी मिरची, टाकोचा मसाला, वर चीज किसून. चौकोनात भरलं, त्रिकोण दुमडला, काट्यानं कडा दाबल्या, ओव्हनमध्ये. पंचवीस मिनिटं. फुगून पापुद्रे सुटले. मी एक खाल्ला. चव घ्यायला म्हणून दुसरा. थोडक्यात, समोसाच, पण शिकलेला.

हे तिला सांगितलं नाही. म्हणालो, ठीक आहे, पोटाला काय होतं बघू.

११ जानेवारी, संध्याकाळ

पोटाला काही झालं नाही.

उरलेला चौकोन गाईला दिला. तिनं हुंगला, माझ्याकडं बघितलं आणि तोंड फिरवलं. आता?

बन्सीधर पारावर होता. माझ्याच वयाचा, दातांची कवळी खिशात ठेवतो. त्याला सगळं सांगितलं. तो म्हणाला, "गाय खाईना म्हंजे ती कणीकच न्हाई. मग मेलेली माणसं कशाला येतील? आश्रुबा, तू उगं फिकीर करायलास."

गाय जनावर आहे. मेलेली माणसं जाणती असतात.

१३ जानेवारी, भोगी

बाजरीची भाकरी, तीळ, भोगीची भाजी. बरं वाटलं. बाजरीचं पीठ तेवढ्यापुरतंच मळतात. भाकरी झाली, विषय संपला.

१५ जानेवारी

उद्या अकरा पाकिटं येणार. शनिवारी संमेलन. म्हणजे दोन रात्री कणीक घरात. कोण कोण येऊ शकतं त्याची यादी केली —

चुलते भुजंगराव. बांधावरची लिंबाची फांदी कुणी तोडली, हे अजून विचारतील. (मीच तोडली.)

आई. आली की सरळ स्वयंपाकघरात जाईल, ओव्हन बघेल, आणि राजेश्रीला काय बोलेल ते इथं लिहिता येणार नाही.

पंडित सुतार. उसना घेतलेला रंधा मागेल. तो कुठं आहे ते मलाही माहीत नाही.

पार्वतीचं नाव यादीत घातलं नाही. तिला जाऊन दहा महिने झाले, पण ती बोलावणं आल्याशिवाय कुणाच्या दारात जात नव्हती. सख्ख्या बहिणीकडंसुद्धा नाही.

१६ जानेवारी

पाकिटं आली. मी सांगून बघितलं, बन्सीधरच्या फ्रीजमध्ये ठेव. राजेश्री म्हणाली, "त्यांच्या फ्रीजात बैलाचं औषध असतं."

मग मी जेवणार नाही म्हणून सांगितलं. तिनं ताट झाकून ठेवलं आणि कामाला लागली. उपोषणाला निदान कुणीतरी विचारायला आलं पाहिजे. चार वाजता अपेक्षा आली. "आबा, उठा. आई रडायलीय. तिला वाटायलंय तुमच्यामुळं ऑर्डर जाईल."

जेवलो.

१७ जानेवारी, शुक्रवार

इलाज सापडला. पार्वतीनंच सांगून ठेवला होता की!

राजेश्री दुपारी बचत गटाच्या बैठकीला गेली. उद्यासाठी दहा पाकिटं फ्रीजच्या खालच्या कप्प्यात मऊ व्हायला ठेवली होती. एका पाकिटात दहा चौकोन. हात दोनदा धुतले. एकेक चौकोन काढला, एका कोपऱ्याकडं तीन बोटं दाबली, परत प्लॅस्टिक, परत पाकिटात. शंभर! कंबर मोडली. अकरावं पाकीट जास्तीचं, वरच्या बर्फात. ते दगडासारखं झालं होतं. बोट उमटेना. सोडलं.

आता कुणी येत नाही. खुशाल झोपतो.

१८ जानेवारी, शनिवार

सकाळी सात वाजता राजेश्रीची किंकाळी!

"उंदीर! फ्रीजात उंदीर फिरलाय! समद्या शीटवर पाय हायत!"

अपेक्षा चौकोन उजेडात घेऊन गेली. बारकाईनं बघितलं. "आई, उंदराला तीन बोटं असतात का? आणि मधलं आखूड?"

कडबाकुट्टीच्या यंत्रात माझं मधलं बोट टोकाला गेलं, त्याला वीस वर्षं झाली. त्या दिवशी इतका कळवळलो नव्हतो.

राजेश्री ओरडली नाही. खाली बसली. म्हणाली, "मामा, तुमाला माझं चांगलं झालेलं बघवंना का?"

बोट आखूड, तोंडही आखूड झालं. एवढंच म्हणालो, तुझ्या सासूनं सांगितलं होतं.

तिनं पदर खोचला. मग म्हणाली, "सरका. आता दुसरं आणायला येळ न्हाई. हेच भरू."

मी सरकलो नाही. हात धुतले आणि दुमडायला बसलो. पार्वतीबरोबर करंज्यांच्या कडा मीच मुरडायचो, हे या घरात कुणाला माहीत नाही. पुरुषानं करंजी मुरडलेली सांगत नाहीत. राजेश्रीच्या काट्यानं दाबलेल्या कडा ओव्हनमध्ये उघडत होत्या. माझ्या नाहीत. बारा खेपा झाल्या. माझी एक कड सुटली नाही!

पण बोटांचे खड्डे तसेच राहिले. बाकी सगळं फुगलं, तेवढं बसलं. वरून तीन खळगे, त्यातून लाल मसाला डोकावतो. राजेश्रीनं टोपलीवर रुमाल झाकला, तेरवीला निघाल्यासारखा.

१९ जानेवारी, रविवार

काल संमेलनाचं लिहायचं राहिलं. हेडमास्तरांनी भाषण केलं, आपल्या विद्यार्थ्यांनी जगाशी हात मिळवला पाहिजे. मी मागच्या खुर्चीवर घामाघूम. मग रुमाल काढला. प्रमुख पाहुण्यांनी पफ उचलला, उलटा केला, सुलटा केला. "हे तीन खड्डे कशाचे?"

राजेश्रीकडं बघायची माझी हिंमत झाली नाही. ती म्हणाली, "हातचं हाय साहेब. मशीनचं न्हाई. म्हणून बोटं."

बाई आहे का वकील!

पाहुण्यांनी दोन खाल्ले, तीन रुमालात बांधले. पोरं ओरडायला लागली, बोटवाला द्या, बोटवाला! बन्सीधरनं खिशातून कवळी काढून लावली. तो लग्नातसुद्धा लावत नाही. शंभर पफ अर्ध्या तासात गेले. तिथंच दोन वाढदिवस ठरले. दोन्ही आयांची एकच अट, बोटं पाहिजेत.

राजेश्री मला म्हणाली, "मामा, आता तुमाला सुट्टी न्हाई." आणि हसली.

माझ्या वाट्याचा एक पफ कागदात बांधून घरी आणला. ओसरीवर पाय ठेवला आणि सवयीनं हाक मारली — ऐकलं का! शंभरच्या शंभर गेले!

मग चप्पल काढायला फार वेळ लागला.

पफ गाईला दिला. शिजलेला खाल्ला तिनं.

२२ जानेवारी

आज वाढदिवसाचे चाळीस चौकोन दाबले. अपेक्षा म्हणते, आबांचं बोट म्हणजे कंपनीचा शिक्का. परमेश्वर पहिल्यांदा बोलला, "दादा, उरलेली दोन जपा."

सगळे विचारतात, ही युक्ती कुणाची. मी म्हणतो, घरातलीच.

२५ जानेवारी, शनिवार

जास्तीचं पाकीट वरच्या बर्फातच राहिलं होतं. राजेश्रीनं ते खाली ठेवलं. म्हणाली, "मामा, एवढ्याला बोटं देऊन ठेवा. न्हाईतर आत्याबाई रागावतील."

मी म्हणालो, देतो.

२६ जानेवारी

पार्वती, दिली नाहीत. खालच्या कप्प्यात डाव्या हाताला आहे, गुळगुळीत, दहाच्या दहा. हे बोलावणं समज. येणार असलीस तर लवकर कळव, सोमवारी राजेश्री भरून टाकेल.