टॉर्किलची टेकडी

ग्लासगो, १४ मार्च १९८४

ती. लाखीकाका यांना,
सा. न. वि. वि.

तुम्ही पाठवलेले लोकरीचे मोजे पोचले. डग्लसला ते इतके आवडलेत की घालूनच झोपतो, धुवायला मागितले तर तोंड फिरवतो. पुढच्या वेळी दोन जोड पाठवा, म्हणजे माझा संसार टिकेल.

इथे पेपरात आलंय की जुन्या पद्धतीचं टीव्ही प्रसारण येत्या जानेवारीत कायमचं बंद होणार. म्हणे आता ते बघणारं कोणी उरलेलंच नाही. मी डग्लसला म्हटलं, उरलेत की, माझे काका उरलेत. नवं प्रसारण डोंगराआडच्या आपल्या दरीत पोचतच नाही, हे लंडनला बसून कोणाला कळणार?

काका, स्पष्ट लिहिते, रागावू नका. शीनाकाकू गेल्यापासून त्या घरात तुमच्याशी बोलतो तो एक टीव्ही. तोही मुका झाला, तर दुपारीच अंधारून येणारा हिवाळा तुम्ही भिंतींशी बोलत काढणार का? आमची मागची खोली रिकामी आहे. मान जरा वाकडी केली की खिडकीतून नदीही दिसते. हिवाळ्याआधी इकडे या. मला तुमची फार काळजी वाटते.

कुत्र्याला माझ्यातर्फे थोपटा. लोभ आहेच, वाढता राहू द्या.

तुमची,
किर्स्टी


ग्लेन ऊअर, २ एप्रिल १९८४

चि. किर्स्टीस अनेक आशीर्वाद.

मान वाकडी करून नदी बघायचं माझं वय गेलं. इथे ओढा दारातून वाहतो, तोही फुकट.

मागच्या आठवड्यात इन्व्हरनेसहून एक इंजिनिअर येऊन गेला. हातात मीटर घेऊन दरीभर हिंडला. खायला देणार समजून मेंढ्या त्याच्यामागे हिंडल्या. त्यानं सांगितलं की गावानं स्वतःचा छोटा मनोरा उभारला तर परवानगी मिळते, आणि नवं प्रसारण पकडेल अशी जागा दरीत एकच आहे. टॉर्किल मॅथेसनची टेकडी. ऐकून सगळ्यांची तोंडं पडली. टॉर्किल म्हणजे चर्चचा पंच, त्याच्या घरी रेडिओ लागतो तोही हवामानापुरता. सगळे मला म्हणाले, लाखी, तू त्याचा शेजारी, तूच विचार.

मी विचारणार नाही. तुला ठाऊक नाही म्हणून सांगतो. शीनाचे शेवटचे दिवस चालले होते आणि रविवारचा टीव्ही लावला होता. तेवढा वेळ तिला दुखण्याचा विसर पडायचा. टॉर्किल मटणाचं सूप घेऊन आला, दारातून त्याला पडदा दिसला, आणि भांडं उंबऱ्यावर ठेवून तो तसाच माघारी गेला. देवाच्या दिवशी टीव्ही चालू असलेल्या घरात तो पाऊल टाकत नाही. तिनं विचारलं कोण होतं. मी म्हटलं, वारा. तिला माणसं फार लागायची गं. तेव्हापासून मी त्या माणसाशी शब्द बोललेलो नाही, आणि आता टीव्हीसाठी त्याच्यापुढे हात पसरू?

ग्लासगोलाही मी येणार नाही. हिवाळा आला की बघू. डग्लसरावांना मोजे विणतोय, पण धुण्याची अट आहे. माया आहेच, ती लिहून दाखवत नाही.

तुझा,
लाखीकाका


ग्लेन ऊअर, ९ मे १९८४

सौ. किर्स्टी हिला टॉर्किल मॅथेसनचे आशीर्वाद.

तुझं पत्र मिळालं. लाखीला न सांगता लिहिलंस हे बरं नव्हे, पण लिहिलंस ते बरं झालं. टेकडी देवाची आहे, मी तिच्यावर मेंढ्या चारतो एवढंच. मनोरा उभारायला माझी हरकत नाही. त्याचा खटका टेकडीवरच्या माझ्या मेंढवाड्यात राहील. शनिवारी संध्याकाळी मनोरा बंद व्हावा आणि सोमवारी सकाळी सुरू व्हावा. बंद करायला आणि सुरू करायला लाखीनेच यावं, दुसरं कोणी आलेलं मला चालणार नाही.

सुपाच्या भांड्याबद्दल तू विचारलं आहेस. त्यावर मी काही लिहीत नाही.

प्रभू तुमचं रक्षण करो.

टॉर्किल मॅथेसन


ग्लेन ऊअर, २१ ऑक्टोबर १९८४

चि. किर्स्टीस अनेक आशीर्वाद.

तू टॉर्किलला परस्पर लिहिलंस हे मला कळलं. कित्येक महिने तुझ्यावर चिडून होतो म्हणून पत्र नव्हतं. मग तू पाठवलेला नवा टीव्ही संच आला आणि राग धरणं अवघड झालं. चित्र इतकं स्वच्छ आहे की बातम्या देणाऱ्याच्या दाढीचा खुंट मोजावा.

मनोरा उभा राहिला. सगळं गाव ट्रॅक्टरमागे ओढायला, आणि टॉर्किल कुंपणाशी हाताची घडी घालून उभा. जणू त्याच्याच पोटात खांब रोवतोय. पहिल्या शनिवारी मी गेलो, खटका दाबला आणि निघालो. तो म्हणाला, चहा उकळलाय. मी उभ्यानेच प्यायलो. पुढच्या शनिवारी बसलो, पाय दुखत होते म्हणून, दुसरं काही मनात आणू नकोस. आता ओटकेकवर चीजही मिळतं. बोलणं मेंढ्यांपुरतंच. त्याला मेंढ्यांतलं कळतं, एवढं मान्य करावं लागेल.

तेव्हा तुझी खोली भाड्याने दे. मी इथे मजेत आहे. तुम्ही उभयता सुखी असा, आणि या म्हाताऱ्याला विसरू नका.

लाखीकाका


ग्लासगो, १६ जानेवारी १९८५

ती. टॉर्किलकाका यांना,
सा. न. वि. वि.

जुनं प्रसारण बंद पडलं, पेपरात कोपऱ्यात चार ओळी आल्या. तुमच्या मनोऱ्यामुळे आपल्या दरीला त्याचा पत्ताही लागला नसेल. तो आनंद दोन दिवसही टिकला नाही. काकांना न्यूमोनिया झाल्याचं नर्सबाईंनी फोनवर सांगितलं, आणि नंतर बर्फाने फोनही गेला.

मी आता कोणाचं ऐकणार नाही. रस्ता मोकळा झाला की डग्लस गाडी घेऊन येतोय. एकटं राहायचा हट्ट पुरे झाला. त्यांचं सामान बांधून ठेवाल का? आणि ते रडले तर मला कळवू नका, मीच पाय मागे घेईन.

तुमच्या उपकारांची आठवण ठेवणारी,
किर्स्टी


ग्लेन ऊअर, २२ जानेवारी १९८५

सौ. किर्स्टी हिला आशीर्वाद.

रस्ता काल उघडला. लाखीचा धोका टळला आहे, हे आधी वाच आणि मग बाकीचं.

आजार कळला तसा मी माझ्या कुत्र्याला घेऊन त्याच्या घरी राहायला आलो. शनिवारी ठरल्याप्रमाणे मीच मनोरा बंद केला. रविवारी ताप उतरला, पण त्याबरोबर माणूसही खचला. भिंतीकडे तोंड करून पडला. सूप नको म्हणाला. किर्स्टीला कळव, येतो म्हणावं, एवढंच बोलला. तो आवाज ऐकून मी घाबरलो. आजाऱ्यासाठी केलेलं काम रविवारी चालतं, हे शास्त्र मला पाठ आहे. पण खरं सांगतो, आधी टेकडी चढून खटका दाबला, शास्त्र उतरताना आठवलं.

टीव्ही लावून दिला आणि मी पाठ करून बसलो. मेंढ्या वळवायची कुत्र्यांची शर्यत लागली होती. लाखीला चष्मा उचलवत नव्हता. तो विचारू लागला, काळा कुत्रा पुढे आहे का, मेंढ्या फुटल्या का. मी ऐकलं न ऐकल्यासारखं केलं. त्याने पुन्हा विचारलं. तेव्हा मी खुर्ची फिरवली. काळा कुत्रा फार जवळून दामटत होता. मी तसं सांगितलं, तर लाखी म्हणाला, तुला काय कळतंय, तू बसलायस कुठे आणि बघतोयस काय. आमचं बरंच वाजलं. भांडणाच्या भरात त्याने सगळं सूप संपवलं.

रविवारी सगळ्या दरीचे टीव्ही चालू झाले, तेव्हा झाकण्यासारखं काही नाही. चर्चचे बाकीचे पंच मला विचारतील. मी उत्तर देईन.

तू म्हणतेस ते खरं आहे, त्याने एकटं राहू नये. पण सामान मी बांधलेलं नाही. डग्लसला जरूर पाठव, तूही ये, भेटायला या. लाखी शुक्रवारपासून माझ्याकडे राहायला येतोय. मीच विचारलं. खोली कोरडी आहे, सरपण भरपूर आहे, आणि या घरात संध्याकाळी दुसरा आवाज ऐकून मला कित्येक वर्षं झाली. माझ्याकडे टीव्ही नाही आणि येणारही नाही, हे त्याला आधीच स्पष्ट सांगितलं. चालेल म्हणाला.

तुम्हा दोघांवर प्रभूची कृपा असो, आणि आम्हा दोघांवर तुमचा लोभ.

टॉर्किल मॅथेसन