वहाळापलीकडची चार मतं

७८६
३ सप्टेंबर २००२

तौहीदच्या अब्बांना शकीलाचा सलाम.

अम्मींचा गुडघा सोडला तर घरी सगळे खुशाल आहेत. मी ग्रामपंचायतीला उभी राहतेय. नळ वरच्या वाडीत येऊन थांबला आणि आपल्या बायका अजून विहिरीवर, हे किती वर्षं बघायचं?

पण मोहल्ल्याचा प्रभागच मोडलाय. मोजणीत माणसं कमी भरली म्हणे. अर्धी घरं बाजारपेठेला जोडली, वहाळापलीकडची, आपल्या घरासकट, वरच्या वाडीला. बायकांची राखीव जागा तिथेच, म्हणून मी बाजारपेठेतून लढणार. अम्मी, अब्बा, नणंद साबेरा आणि मी, आपली चारही मतं मात्र वरच्या वाडीत.

दुआ करा.
शकीला

७८६
बरका, ओमान, २० सप्टेंबर २००२

शकीला, वालेकुम सलाम.

मेंबरीणबाई, आता घरात यायला आम्हाला अर्ज करावा लागेल का? शुक्रवारी हुसैनमियाँच्या खोलीत नेहमीप्रमाणे सगळे पत्रं लिहायला बसलो, तेव्हा तुझं पत्र मोठ्याने वाचून दाखवलं. मोहल्ल्याचे आम्ही एकोणतीस जण इथे आहोत. आधी हसले, मग भडकले. माणसं कमी भरतीलच कशी? हा वरच्या वाडीचा डाव आहे. ग्रामसेवकाला जाब विचार, भिऊ नकोस.

तू इन्शाल्ला निवडून येशील. नळ बघायला मी मालकाकडे, अर्बाबकडे, रजा मागतो.

अम्मी-अब्बांना सलाम, तुझ्यावर जीव आहेच.
महमूद

७८६
११ नोव्हेंबर २००२

तौहीदच्या अब्बांना सलाम.

तीन मतांनी पडले. मला माझं स्वतःचं मतसुद्धा देता आलं नाही.

जाब विचारला. ग्रामसेवकाने जनगणनेचे आकडे पुढे ठेवले. वरच्या वाडीने मुंबईचे चाकरमानीसुद्धा घरातच राहतात म्हणून लिहून दिले होते. आपल्यातला परदेशातला एकही माणूस मोजलेला नाही. त्यात कुणाचा डाव नव्हता. गेल्या वर्षी तुम्हीच लिहिलं होतं, मोजणीवाला आला तर माझं नाव सांगू नकोस, पासपोर्टाची भानगड होईल. हुसैनमियाँची ती अक्कल अशाच एका शुक्रवारी त्याच खोलीतून घरोघरी आली, आणि आम्ही बायकांनी ती इमानाने पाळली. मोजणीवाल्याने मला दोनदा विचारलं होतं, घरात आणखी कुणी आहे का. मी दोनदा नाही म्हटलं.

मी रागावलेय, ते लपवत नाही. रजा मागू नका, बघायला नळ नाही. अम्मींच्या गुडघ्यामुळे आता विहिरीच्या खेपा साबेरा आणि मीच करतो.

दुआ असू द्या. आणि हेही पत्र शुक्रवारी सगळ्यांना मोठ्याने वाचून दाखवा.
शकीला